सात गोलांनंतर

आमच्या बडे मामूंनी आयुष्यात दोन माणसांना माफ केलं नव्हतं. एक त्यांची हर्क्युलस सायकल चोरणारा, आणि दुसरा मीर रंजन नेगी. सायकलचोर कोण ते शेवटपर्यंत कळलं नाही, त्यामुळे सगळा राग नेगीच्या वाट्याला आला. लहानपणी आम्हा भावंडांना हे नाव पाढ्यासारखं पाठ होतं. घरात कुणाच्या हातून काही सांडलं, फुटलं, की मामू म्हणायचे, "ये देखो, मीर रंजन आ गया!"

ही गोष्ट १९८२ ची. मी तेव्हा पाळण्यात होते, त्यामुळे जे सांगते आहे ते मामूंच्या आणि अम्मीच्या तोंडून ऐकलेलं. हिंगोली तेव्हा परभणी जिल्ह्यातलं तालुक्याचं गाव. दिल्लीत आशियाई खेळ सुरू होते. त्या खेळांमुळे देशात रंगीत टीव्ही आला असं आपण पुस्तकात वाचतो, पण आमच्या मोहल्ल्यात रंगीत सोडाच, काळा-पांढराही आला नव्हता. रेडिओ होता, तोही नाक्यावरच्या चहाच्या हॉटेलात. डिसेंबरच्या सुरुवातीला हॉकीचा अंतिम सामना झाला, भारत विरुद्ध पाकिस्तान. मैदानात खुद्द इंदिरा गांधी बसलेल्या. आणि आपण हरलो. साधंसुधं नाही, ७-१.

मामू सांगतात, पाचव्या गोलनंतर हॉटेलवाल्यानं रेडिओ बंद केला. मग कुणीतरी विचारलं, आपला गोलकीपर कोण होता? उत्तर आलं, मीर. पुढचं रंजन आणि नेगी कुणी नीट ऐकलंच नाही. मीर म्हणजे आपल्यातला, एवढं सगळ्यांनी धरून टाकलं. हॉटेलात बसलेल्या आपल्या लोकांनीही आणि इतरांनीही.

मामू तेव्हा एका जिनिंगमध्ये हिशेब लिहायचे. दुसऱ्या दिवशी कामावर गेल्यावर एकानं हसत हसत विचारलं, "काय मियाँ, तुमच्या मीरनं किती घेतले?" गंमतच होती ती. विचारणारा माणूस वाईट नव्हता, पुढे मामूंच्या मुलीच्या लग्नात तोच पंगतीत वाढायला उभा होता. पण मामूंनी त्या दिवशी घरी येऊन जेवण केलं नाही. अम्मी म्हणते, भाईजान खाटेवर पडून छताकडे बघत होते आणि एवढंच म्हणाले, "अपनेही आदमीने नाक कटाई."

आता त्या सामन्यात नेमकं काय झालं होतं ते थोडं सांगते, कारण शाळेत मुलांना हॉकीचे नियम समजावताना मला स्वतःलाच ते नव्यानं कळलं. हॉकीचा गोल ३.६६ मीटर रुंद आणि २.१४ मीटर उंच असतो. आपल्या घराचा दरवाजा साधारण एक मीटर रुंद धरा. तसे साडेतीन दरवाजे शेजारी शेजारी उघडे ठेवून एका माणसानं राखायचे, आणि समोरून येणारा चेंडू दगडासारखा कठीण. पेनल्टी स्ट्रोक असेल तर मारणारा जेमतेम ६.४० मीटरवर उभा असतो, आणि त्यानं चेंडू मारेपर्यंत गोलकीपरला पाय हलवायची मुभा नाही. त्याच वर्षाच्या जानेवारीत पाकिस्ताननं आपल्याच मुंबईत झालेला विश्वचषक जिंकला होता. हसन सरदार, कलीमुल्ला, समीउल्ला अशी आघाडीची फळी त्यांच्याकडे होती. तेव्हाचा सामना सत्तर मिनिटांचा. मागे पडल्यावर सगळा संघ गोल फेडायला पुढे धावतो, आणि उलटा हल्ला आला की मागे गोलकीपर एकटा उरतो. सात गोल एकटा माणूस खात नाही. पण धावफलकावर दिसतो तो तोच.

त्या संघाचा कर्णधार होता झफर इकबाल. संघात मोहम्मद शाहिद होता, ज्याच्या ड्रिब्लिंगवर आजही जुनी माणसं तासभर बोलतील. त्यांची नावं मामूंना ठाऊक होती आणि त्यांचा अभिमानही होता. हरलेल्या संघात ते दोघेही होते हे मात्र हिशेबात कधी धरलं गेलं नाही. राग सगळा एकट्या मीरवर.

आणखी एक गोष्ट त्या हॉटेलात कुणी बोललं नाही. त्याच आशियाई खेळांत बायकांची हॉकी पहिल्यांदाच खेळली गेली आणि आपल्या मुलींनी सुवर्णपदक जिंकलं. कर्णधार होती आपल्या महाराष्ट्रातली, पुण्याची एलिझा नेल्सन. पुरुष सात गोलांनी हरले हे हिंगोलीच्या नाक्यापर्यंत पोचलं. मुली जिंकल्या हे मला कळलं बी.एड. झाल्यावर, एका जुन्या अंकात.

नेगी मूळचा उत्तराखंडातल्या पहाडी मुलखातला आणि इंदूरमध्ये वाढलेला. त्या सामन्यानंतर त्याच्यावर पैसे खाऊन सामना सोडल्याचा आरोप झाला. सिद्ध काहीच झालं नाही, पण वर्तमानपत्रांतून आणि लोकांच्या तोंडून ते इतकं फिरलं की त्याची खेळाडू म्हणून कारकीर्द तिथेच संपली. मुंबईत कस्टम्समध्ये नोकरी होती, ती करत राहिला. मैदानाकडे पाठ.

पुढे कित्येक वर्षांनी तो परत आला तो गोलकीपर घडवणारा म्हणून. १९९८ मध्ये बँकॉकच्या आशियाई खेळांत महाराजकिशन कौशिक हे संघाचे प्रशिक्षक होते आणि गोलकीपरांना शिकवायला नेगी होता. कर्णधार आपला खडकीचा धनराज पिल्ले. अंतिम सामन्यात दक्षिण कोरियाविरुद्ध टायब्रेकर झाला आणि गोलकीपर आशिष बल्लाळनं स्ट्रोक अडवून सामना आणला. बत्तीस वर्षांनी आशियाई सुवर्ण मिळालं. ज्याला गोलमध्ये उभं राहिल्याची शिक्षा झाली, त्यानं तयार केलेल्या गोलकीपरनं पदक आणलं. माझ्या मते नेगीचं खरं उत्तर इथेच देऊन झालं होतं. पण त्या पदकाबद्दल त्याचं नाव घेतलेलं निदान मी तरी तेव्हा कुठे ऐकलं नाही. त्यानंतर २००२ मध्ये मँचेस्टरच्या राष्ट्रकुल खेळांत मुलींच्या संघानं इंग्लंडला हरवून सुवर्ण जिंकलं, तेव्हाही गोलकीपरांचा प्रशिक्षक तोच होता. तरी मोहल्ल्यात नाव निघायचं ते सात गोलांचंच.

चित्र पालटलं ते २००७ मध्ये, आणि मैदानावर नाही, पडद्यावर.

'चक दे! इंडिया' आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिला असेल. मँचेस्टरच्या विजयाची बातमी वाचून लेखक जयदीप साहनी यांच्या डोक्यात गोष्ट आली. त्यांनी कौशिक यांच्याकडून शिबिरं कशी चालतात, कुठकुठल्या राज्यांतून कशा घरांतल्या मुली येतात, निवडीच्या वेळी प्रशिक्षकावर कसले दबाव येतात, हे सगळं समजून घेतलं. आणि नट्यांना हॉकी शिकवायचा प्रश्न आला तेव्हा नेगीचं नाव पुढे आलं.

हे काम काय असतं याची आपल्याला कल्पना नसते. आपण पडद्यावर सामना बघतो, वाटतं मुली खेळल्या आणि कॅमेऱ्यानं टिपलं. खरं तर एकेक पास आधी कागदावर ठरतो. चेंडू कुणाकडून कुणाकडे जाणार, कोण पडणार, गोलकीपर कुठल्या बाजूला झेपावणार, सगळं. सामन्यांची दृश्यं बसवायला रॉब मिलर नावाचा परदेशी जाणकारही होता. पण ज्यांनी आयुष्यात स्टिक धरली नव्हती अशा मुलींना धरायला शिकवलं नेगीनं. सहा महिने. पहाटे चारला उठून कांदिवलीहून चर्चगेटला जायचं आणि रात्री अकराच्या सुमाराला पाठ टेकायची. मुंबईत लोकल पकडणाऱ्या आपल्या नातेवाइकांना विचारा, हे अंतर रोज दोनदा कापणं म्हणजे काय. शाहरुख खान चित्रपटात जो पेनल्टी स्ट्रोक चुकवतो, त्या एका फटक्यावरही त्यानं कित्येक तास घालवले. एका गोलकीपरनं पेनल्टी स्ट्रोक कसा चुकवायचा ते शिकवावं, यात काय काय आलं असेल त्याच्या मनात, ते मी ठरवू शकत नाही.

सगळ्या मुली अगदी नवख्या होत्या असंही नाही. आपल्या कोल्हापूरची सागरिका घाटगे राष्ट्रीय पातळीपर्यंत हॉकी खेळलेली होती आणि याच चित्रपटातून पडद्यावर आली. संघात गुल इकबाल नावाची एक मुलगी आहे, तिच्या घराण्याला हॉकीचा वारसा. आमच्या वर्गातल्या मुलींना तीच सगळ्यांत जास्त लक्षात राहते, कारण उघड आहे.

चित्रपटातला कबीर खान हा कर्णधार. पाकिस्तानविरुद्ध स्ट्रोक चुकतो, हस्तांदोलनाचा एक फोटो छापून येतो, आणि दुसऱ्या दिवशी त्याच्या घराच्या भिंतीवर 'गद्दार' लिहिलेलं असतं. आईला घेऊन तो घर सोडतो. आमच्या घरात हा प्रसंग सुरू झाला की कुणी बोलत नाही, मुलंसुद्धा. लोक म्हणाले ही नेगीचीच कहाणी. लेखकानं सांगितलं, गोष्ट आधी लिहिली होती, साम्य नंतर कळलं. नेगीनंही सांगितलं की हे माझं चरित्र नाही. पण लोकांनी ऐकलं नाही, आणि या वेळी न ऐकणं त्याच्या फायद्याचं ठरलं. सगळी वर्तमानपत्रं, सगळ्या वाहिन्या त्याच्या दारात. ज्या माध्यमांनी त्याला घालवलं होतं, तीच आता त्याला खुर्ची देत होती. त्याच वर्षी सोनी टीव्हीच्या 'झलक दिखला जा'मध्ये तो चक्क नाचायला उतरला. पुढे कंपन्यांमध्ये, महाविद्यालयांत भाषणं द्यायला लोक त्याला बोलावू लागले.

आता मामू. त्यांनी तो नाच पाहिला. आमच्या खालाजान हसून हसून लोटपोट, आणि मामू खुर्चीवर ताठ. त्याच आठवड्यात एका उर्दू अखबारात नेगीवर मजमून आला होता, तो मी त्यांना वाचून दाखवला. त्यात होतं की हा पहाडातल्या हिंदू घरातला माणूस. मामूंनी चष्मा काढला. पुन्हा वाच म्हणाले. मी पुन्हा वाचलं. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "मतलब पच्चीस साल हम फुकट में शरमाते रहे?"

आम्ही सगळे हसलो. ते हसले नाहीत. रात्री अम्मीला म्हणाले, "तो आपला नव्हता म्हणून मी सुटलो, असं वाटलं क्षणभर. मग स्वतःचीच लाज वाटली. आपला असता तर काय खरंच विकला गेला असता?"

मी हे लिहिते आहे ते नेगीसाठी नाही, आमच्या शाळेतल्या एका मुलीसाठी.

नववीत आहे. वडील टेलर. शालेय स्पर्धेसाठी हॉकीचा संघ करायचा तर अकरा मुली जमवतानाच आमच्या नाकी नऊ येतात. गोलमध्ये उभं राहायला कुणी तयार नसतं. ही तयार झाली. स्कार्फवर हेल्मेट घालते, जुने पॅड कपड्याच्या पट्ट्यांनी बांधते आणि मुरमाच्या मैदानावर अशी झेपावते की आम्हालाच भीती वाटते. गेल्या मोसमात बाहेरगावी सामना होता. समोरचा संघ खरंच चांगला होता, आमच्या मुली दुसऱ्या अर्ध्यात दमल्या. पाच गोल झाले. सामना बघायला आलेल्या कुणीतरी तिच्या एका चुकलेल्या झेपेचा व्हिडिओ काढला, त्याखाली तिच्या स्कार्फवरून चार शब्द लिहिले आणि ग्रुपवर टाकला. आम्ही परतीच्या बसमध्ये होतो तोवर तो तिच्या वडिलांच्या फोनवर पोचला होता.

१९८२ ला सात गोलांची बदनामी हिंगोलीला पोचायला रेडिओ लागला. आता बससुद्धा लागत नाही.

हे फक्त आमच्या मुलीचं नाही. २०२१ मध्ये टोकियो ऑलिम्पिकच्या उपांत्य सामन्यात मुली हरल्या, तेव्हा वंदना कटारियाच्या हरिद्वारजवळच्या घरासमोर जातीवरून शिवीगाळ झाली. त्याच वंदनानं काही दिवस आधी दक्षिण आफ्रिकेविरुद्ध तीन गोल मारून संघाला पुढे नेलं होतं. त्याच वर्षी ऑक्टोबरात क्रिकेटमध्ये पाकिस्तानकडून हरल्यावर मोहम्मद शमीला काय काय ऐकावं लागलं ते आपल्याला आठवत असेल. कर्णधार कोहली त्याच्या बाजूनं उघडपणे बोलला, हेही आठवणीत ठेवायला हवं. झफर इकबालच्या संघातल्या गोलकीपरच्या वाट्याला असं काही आलं असेल तर ते नाक्यापर्यंत पोचलं नाही.

मी तिच्या घरी गेले. वडिलांनी मशीन थांबवलं नाही, पायानं चालूच ठेवलं. म्हणाले, "मॅडम, मुलगी खेळली, मी नाही म्हणालो नाही. पण खेळून पुढे काय?"

प्रश्न रास्त आहे आणि त्याला गोड उत्तर देणं पाप. मी त्यांना निशा वारसीबद्दल सांगितलं. सोनीपतची मुलगी, वडील टेलर, त्यांना अर्धांगवायू झाला तेव्हा आईनं फोमच्या कारखान्यात काम केलं. तीच निशा टोकियोच्या संघात खेळली आणि तो संघ चौथा आला. कपड्यांचा प्रश्न तिच्याही घरी निघाला होता, प्रशिक्षिका प्रीतम सिवाच यांनी लेगिंग घालून खेळू दिलं आणि मिटला. टेलर म्हटल्यावर यांनी पहिल्यांदा मशीन थांबवलं. पण मग मीच सांगितलं की निशा लाखांत एक असते. दहावीला खेळाचे वाढीव गुण मिळतात, सरकारी नोकरीत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, पण त्याला ठरावीक पातळीच्या स्पर्धेचं प्रमाणपत्र लागतं, आणि तिथवर पोचणारी मुलं थोडी. पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीत हॉकी शिकवतात, पण तिथे लहान वयात निवड होते, हिचं वय त्यासाठी निघून गेलं.

"मग?" ते म्हणाले.

मग मी खेळणं संपल्यावर लोक काय करतात ते सांगितलं. भोपाळचे अस्लम शेर खान. १९७५ च्या विश्वचषकात मलेशियाविरुद्ध गळ्यातल्या तावीजाला ओठ लावून बरोबरीचा गोल मारणारे. त्यांनी खेळ सोडल्यावर हॉकीतल्या कारभारावर 'टू हेल विथ हॉकी' नावाचं खरमरीत पुस्तक लिहिलं, पुढे खासदार झाले. मुंबईचा वीरेन रस्किन्हा, भारताचा कर्णधार, स्टिक ठेवून व्यवस्थापन शिकायला गेला आणि आता ऑलिम्पिकच्या खेळाडूंना मदत करणारी संस्था चालवतो. मरीन लाइन्सच्या वीज नसलेल्या झोपडीत वाढलेला युवराज वाल्मीकी पाकिस्तानविरुद्ध शूटआउटमध्ये निर्णायक गोल मारून २०११ मध्ये नावारूपाला आला, नंतर टीव्हीवरच्या कार्यक्रमांतही दिसला. आणि नेगी. टीव्हीवर समालोचन, वर्तमानपत्रात खेळाचं पान, चित्रपटातल्या सामन्यांची आखणी, यासाठी खेळ आतून कळलेली माणसं लागतात. मराठीत हॉकीवर लिहिणारी किती आहेत, बोटांवर मोजा. नांदेडला आपल्या विद्यापीठात माध्यमशास्त्राचं शिक्षण मिळतं, हिंगोलीहून एसटीनं जाता येतं. ही मुलगी उर्दू, मराठी, हिंदी तिन्ही घडाघडा बोलते. हे भांडवल शहरातल्या इंग्रजी शाळेच्या मुलांकडे नाही.

खरं सांगायचं तर हे बोलताना मलाच थोडं खोटं वाटत होतं. नेगीला पंचवीस वर्षं लागली. तोवर त्याच्याकडे सरकारी नोकरी होती, म्हणून तो थांबू शकला. टेलरच्या मुलीला पंचवीस वर्षं कोण देणार? तिच्या लग्नाची बोलणी अकरावीतच सुरू होतील. वडिलांनी मला चहा पाजला, पण खेळायला पाठवीन असं म्हणाले नाहीत. पाठवणार नाही असंही म्हणाले नाहीत.

जानेवारीत शाळेचे वार्षिक खेळ झाले. ती मैदानात उतरली नाही. मी काही विचारलं नाही, फक्त घोषणांचा माइक तिच्या हातात दिला. पाचवी-सहावीच्या मुलांचा हॉकीचा सामना होता, म्हणजे अर्ध्यांच्या हातात काठ्याच. आधी नुसती नावं वाचली. मग हळूहळू मराठीत सुरू झाली, मध्येच उर्दूवर गेली, परत मराठीत आली. बघायला आलेल्या आया हसायला लागल्या, मग गप्प होऊन ऐकायला लागल्या. पाचवीतल्या एका बारक्या गोलकीपरच्या पायांमधून चेंडू गेला आणि पोरं ओरडली. माइकवरून तिचा आवाज आला, "गोलकीपरला हसू नका. बचावाची तिन्ही मुलं पुढे गेली होती, मागे त्याच्याशिवाय कोणीच नव्हतं. पहा जरा मैदानाकडे."

तिचे वडील कुंपणापाशी सायकल धरून उभे होते. कधी आले कळलं नाही. निरोपाचं राष्ट्रगीत होईपर्यंत थांबले.

मी फोनवर थोडं रेकॉर्ड केलं होतं. त्या संध्याकाळी असरनंतर मामूंकडे गेले. सत्तरी ओलांडली आहे, कानांनी कमी ऐकू येतं. फोन कानाला लावून दिला. नाव सांगितलं नाही, नववीतली पोरगी आहे एवढंच म्हणाले. ते डोळे मिटून ऐकत होते, आणि गोलकीपरची ओळ आली तेव्हा हात वर करून म्हणाले,

"आवाज बढा."